क्रलची उडी

व्हेंतुरा, कॅलिफोर्निया
११ फेब्रुवारी १९६८

प्रिय ओर्लीना वहिनी,

तो सापडला.

पत्राला उशीर झाला म्हणून रागावू नकोस. पुरती खात्री झाल्याशिवाय लिहायचं नाही असं ठरवलं होतं. एमेट क्रल, पन्नाशीच्या पुढचा, उजव्या भुवईवर जुना व्रण, बोलताना मान जराशी डावीकडे कलते. होबार्टच्या पलटणीतल्या लॉनीनं तुला सांगितलेल्या सगळ्या खुणा जुळतात. लष्करात पॅराशूट बांधणाऱ्यांचा सार्जंट होतो, हे त्यानं आपणहून सांगितलं.

आणि मला त्याच्याच टेबलावर मदतनीस म्हणून घेतलंय. ही देवाची करणी की सैतानाची, ते मला ठरवता येत नाही. आईच्या मशीनवर गाद्यांच्या खोळी शिवायचो, तेच कामाला आलं. शाळा आठवीत सोडली हे अर्जात खरं लिहिलं. आडनाव साइझमोर, टॅकेट नव्हे, त्यामुळे होबार्टचा भाऊ म्हणून इथं मला कोणी ओळखणार नाही. एका आईचे पण दोन बापांचे आम्ही, याचा कधी उपयोग होईल असं वाटलं नव्हतं.

कामाचं सांगतो. माणसांना चंद्रावर नेऊन परत आणणारं यान बनतंय, ते दुसरीकडे बनतं. आमच्याकडे फक्त त्याची पॅराशूट्स. निघताना त्या यानाखाली डोंगराएवढा अग्निबाण असतो, पण परत येताना त्यातला काहीच उरत नाही. उरते ती तीन माणसं बसलेली, घंटेच्या आकाराची एक पेटी. ती दगडासारखी खाली येते आणि समुद्रावर आपटायच्या आधी तिला तीन पॅराशूट्स सावरतात. त्यातलं एक पसरलं तर आपल्या चर्चचं सगळं आवार झाकून जाईल. ते घड्या घालून, दाबयंत्राखाली पुन्हा पुन्हा दाबून, लाकडाच्या ओंडक्यासारखं टणक करायचं आणि यानाच्या शेंड्याशी बसवायचं. एकाला जवळजवळ आठवडा जातो.

ही घडी घालायची परवानगी साऱ्या देशात तिघांनाच आहे. क्रल त्यातला एक. तिघांनी एका गाडीत बसायचं नाही असा इथला नियम आहे. अपघात झाला तर घड्या कोण घालणार? तिघांतल्या यसाबेल ओर्दुन्यो बाई म्हणतात, "माझा नवरा मला इतकं जपत नाही, जितकं सरकार जपतं."

सगळे क्रलला मान देतात, वहिनी. मला ते बघवत नाही.

तुझा,
वेंडेल


केनी फोर्क, केंटकी
२३ फेब्रुवारी

वेंडेल,

तुझं पत्र चुलीपाशी उभ्यानं वाचलं. घेवडा करपला.

मान देतात म्हणतोस. होबार्टला काय मिळालं? सैन्याचा कागद आला की उडी घाईनं आणि चुकीची मारली म्हणून गेला. ब्रदर कॉडिल शवपेटीपाशी उभे राहून प्रवचनात म्हणाले, उतावळ्याला देव लवकर बोलावतो. उतावळा! ज्याला दाढी करायला अख्खी सकाळ लागायची तो! इतकी वर्षं मी या खोऱ्यात उतावळ्याची बायको म्हणून हिंडते आहे.

आणि खरं काय ते लॉनीनं मरायला टेकल्यावर सांगितलं. ते पॅराशूट माळावरून त्यानंच गोळा केलं होतं. दोऱ्यांत शिशाच्या छऱ्यांची पिशवी अडकलेली. घडी घालताना कापड दाबून धरायला ठेवतात ना, ती. काढायची राहिली. तिच्यापायी दोऱ्या गुंतल्या, आणि अडीअडचणीसाठीचं पोटावरचं लहान पॅराशूट उघडलं ते त्याच गुंत्यात गुंडाळलं गेलं. क्रल धावत आला, पिशवी सोडवली, खिशात घातली आणि लॉनीकडे नुसतं बघितलं. तो सार्जंट, हा शिपाई. लॉनी गप्प बसला.

चूक कोणाच्याही हातून होते. मी त्या चुकीबद्दल बोलतच नाही. तो खिसा मला विसरता येत नाही.

काम शिकून घे. डोळे उघडे ठेव. आणि त्या माणसाशी हसून बोलू नकोस.

ओर्लीना


व्हेंतुरा
१७ मार्च

प्रिय वहिनी,

हसून बोलू नको म्हणतेस, पण मदतनिसाला हसावं लागतं. मी तोंडानं हसतो, एवढं लक्षात ठेव.

एक गोष्ट लिहायला जड जाते, पण खोटं लिहिणार नाही. कामात त्याच्या तोडीचा माणूस नाही. घडी घालण्याआधी नखं कापतो, हात धुतो, मलाही धुवायला लावतो.

"धुतलेस?"

"धुतले, साहेब."

"पुन्हा धू. लिंबाचा रस लागलाय तुझ्या बोटांना. दुपारी कोणाच्या बागेत शिरला होतास?"

"पडलेली होती, साहेब."

"पडलेली लिंबं वासावरून कळत नाहीत, पोरा, वास एकच असतो."

त्याच्या टेबलामागे एक फळी आहे. तिच्यावर प्रत्येक पिशवीसाठी एक खिळा, आणि खिळ्यामागे पिशवीचा आकार लाल रंगानं काढलेला. सगळ्या पिशव्या फळीवर परत गेल्याशिवाय तो कोणाला झाकण आवळायची दोरी ओढू देत नाही. ही पद्धत त्यानंच इथं आणली. यसाबेलबाई म्हणतात, "एमेट स्वतःचं लग्न विसरला, पण पिशवी विसरायचा नाही." त्याची बायको कधीच सोडून गेलीय. हे ऐकून तो हसला नाही.

पहिल्या आठवड्यात त्यानं विचारलं होतं, "बोलण्यावरून डोंगरातला वाटतोस. कुठला रे?"

मी म्हणालो, "केंटकी. केनी फोर्क."

त्याचा हात कापडावर होता तिथंच राहिला. "बरं," एवढंच म्हणाला आणि दिवसभर पुन्हा बोलला नाही. मला वाटलं संपलं, आता हाकलतो. पण दुसऱ्या दिवशी त्यानं आपल्या डब्यातलं अर्धं सँडविच मला दिलं आणि म्हणाला, आजपासून सगळ्या घड्या शिकायच्या. माझी शिवण त्याला आवडली असावी. त्याला काही कळलेलं नाही, अशी माझी खात्री आहे.

वेंडेल


केनी फोर्क
२ एप्रिल

वेंडेल,

त्याचं सँडविच खाल्लंस हे मला सांगितलं नसतंस तरी चाललं असतं.

घड्या शिकतो आहेस ना? मग सोपं आहे. त्याच्या हातच्या पॅराशूटमध्ये एक पिशवी तू घाल. फळीवर दुसरी टांग. पुढच्या आळीतल्या कॉम्ब्सांकडेसुद्धा आता टीव्ही आलाय. ते यान परत येईल तेव्हा सगळं जग डोळे लावून बसलेलं असेल. सगळ्या जगादेखत ते त्याच्या नावानं खाली येऊ दे. मग बघू कोण कोणाला उतावळा म्हणतं.

मी हे शुद्धीत लिहिते आहे.

ओर्लीना


व्हेंतुरा
१४ एप्रिल

प्रिय वहिनी,

तुझं पत्र मी मोरीत जाळलं आणि राख धुऊन टाकली. तरी दोन दिवस माझ्या घड्या चुकत होत्या. क्रल म्हणाला, "आज तू कापडाला हात लावू नकोस, नुसता उभा राहा."

हे मी करणार नाही. मागच्या महिन्यात चंद्रावर जायची तयारी करणाऱ्यांपैकी एक जण कारखान्यात आला होता. सगळ्यांशी हात मिळवत आमच्या टेबलापाशी आला आणि मला म्हणाला, "नीट बांध हं दोस्ता. मला पोहायचा कंटाळा आहे." त्या पेटीत तिघं असतील, वहिनी, आणि तिघांच्याही घरी कोणीतरी ओर्लीना असेल. तू मला वाढवलंस. तुझा शब्द मी कधी मोडला नव्हता. हा मोडतो.

पण क्रलला मी सोडलेलं नाही. दुसरा रस्ता काढलाय. चारही बाजूंनी तपासून लिहितो.

लष्करात पॅराशूट बांधणाऱ्यांची एक रीत आहे. कुठलाही साधा शिपाई त्यांच्यासमोर उभा राहून म्हणू शकतो, "हे तू बांधलंस ना? मग घाल आणि उडी मार." त्याला नाही म्हणता येत नाही. नाही म्हटलं तर पुन्हा टेबलाला हात लावायचा नाही. इथले जुने सैनिक अजून ही रीत पाळतात. लिंबांच्या बागांपलीकडे छोटा विमानतळ आहे, तिथं रविवारी बिअर पीत एकमेकांना आव्हानं देतात. कारखान्याच्या साहेबांना हे ठाऊक नाही. कळलं तर क्रलला ते विमानाच्या सावलीलासुद्धा उभं राहू देणार नाहीत.

मी त्याला आव्हान देणार आहे. तो सगळ्यांसमोर घडी घालील. पॅराशूट पाठीवर चढलं की विचारीन, होबार्ट टॅकेटच्या दोऱ्यांतून काढून खिशात काय घातलंत? कबूल केलं तर सगळे ऐकतील. नाही म्हणाला, तर तेच खोटं तोंड घेऊन विमानाच्या दारात उभं राहू दे.

वेंडेल


केनी फोर्क
२२ एप्रिल

कर.

त्या पत्राबद्दल मी तुझी माफी मागणार नाही. जाळलंस ते बरं केलंस.

ओर्लीना


व्हेंतुरा
१० जून

प्रिय वहिनी,

घडलं ते जसंच्या तसं लिहितो. माझ्या पदरचा शब्द घालत नाही.

काल आम्ही विमानतळावर जमलो. क्रल, यसाबेलबाई आणि तिसरे पीबॉडी, तिघं तीन गाड्यांतून आले. बाईंनी मोठं पातेलं भरून मिरचीचं डुकराचं मांस आणलं होतं. सगळे जेवत असताना मी उठलो. म्हणालो, "क्रलसाहेब, एक बांधा. आणि घाला, आणि उडी मारा."

आधी सगळे हसले. पीबॉडी म्हणाले, "अरे, मदतनीस मालकाला मारायला निघाला!"

यसाबेलबाई चमचा उगारून म्हणाल्या, "बस खाली. त्याचे गुडघे बघ. चर्चच्या पायऱ्या उतरतानासुद्धा कठडा धरतो तो."

क्रल हसला नाही. तोंड पुसलं. मला म्हणाला, "मला वाटलं होतं, तू याहून आधी म्हणशील."

तेव्हा मला त्याचा अर्थ लागला नाही. वाटलं, प्रत्येक मदतनीस कधी ना कधी असं म्हणत असेल.

छपराखालच्या लांब टेबलावर त्यानं घडी घातली. समोरून कापड धरायला मीच होतो. पिशव्यांना तिथं फळी नव्हती, टेबलाच्या कडेला ओळीनं मांडलेल्या होत्या. कापड इतकं शांतपणे दुमडत गेला की बाकीचे कंटाळून पुन्हा बिअरकडे वळले. शेवटच्या घडीत त्याचा हात पिशवीसकट आत गेला आणि रिकामा बाहेर आला. त्यानं माझ्याकडे बघितलं. मला वाटलं, दोरी ओढ म्हणून बघतोय. मी ओढली. झाकण बंद झालं.

मग मी ओळीकडे बघितलं. एक जागा मोकळी होती.

वहिनी, ते दुसऱ्या कोणी बघितलं नव्हतं. मला फक्त गप्प बसायचं होतं. त्यानं पॅराशूट पाठीवर चढवलं. यसाबेलबाई पोटावरचं लहान पॅराशूट घेऊन मागे धावल्या, "एमेट, हे घे! म्हातारचळ लागलाय का?" तो म्हणाला, "माझ्या घडीवर माझा विश्वास आहे," आणि विमानाकडे चालू लागला. ज्यासाठी आलो होतो तो प्रश्न माझ्या डोक्यातून पार गेला होता. मला होबार्ट आठवला. तू आठवलीस. मी स्वतःला सांगत होतो, तोंड मिटून उभा राहा, हेच क्रल आणि लॉनीनं केलं होतं, हेच. क्रलचा पाय शिडीवर पडला आणि माझ्याच तोंडून ओरडणं बाहेर आलं, "थांबा! पिशवी आत राहिलीय!"

पीबॉडींनी पॅराशूट उतरवून गवतावर उघडलं. पिशवी निघाली. यसाबेलबाईंनी छातीवर क्रूसाची खूण केली. मग मला रडू आलं, आणि रडत रडतच सगळ्यांसमोर बोललो, "माझ्या भावाच्या पॅराशूटमध्येही हीच राहिली होती. होबार्ट टॅकेट. तुम्ही ती खिशात घातलीत आणि त्याला उतावळा ठरू दिलंत."

क्रल म्हणाला, "हो."

पीबॉडी म्हणाले, "एमेट, काय बोलतोस?"

"पोरगा खरं बोलतोय," क्रल म्हणाला. मग माझ्यापाशी येऊन हळूच म्हणाला, "मला उडी मारू द्यायची होतीस."

आज सकाळी पीबॉडींनी साहेबांना सगळं सांगितलं. क्रलची परवानगी गेली. त्यानं बांधलेली पॅराशूट्स पुन्हा उघडून बघणार आहेत. जो कधी विसरत नाही तोही वयापुढे विसरला, असं सगळे म्हणतात. आपलं काम झालं, वहिनी. तरी मला जेवण जात नाही. मी त्याला वाचवलं म्हणून तू रागावशील, हेच डोक्यात घोळतंय.

वेंडेल


केनी फोर्क
१९ जून

वेंडेल,

तुझं पत्र मी सकाळी वाचलं, दुपारी वाचलं आणि मग परसात जाऊन लाकडं फोडली.

तू शिकलास कमी, पण लिहितोस सगळं. लिहिलेलं वाचत मात्र नाहीस. वय नाही आणि विसरणंही नाही. तूच कळवलंस की तो पिशवी विसरत नाही. केनी फोर्कचं नाव ऐकून दिवसभर मुका झाला, हेही तूच कळवलंस. त्या दिवसापासून तू कोण ते त्याला माहीत होतं. अर्धं सँडविच तुझ्या शिवणीसाठी नव्हतं, खुळ्या. तुझ्या तोंडून आव्हान यायची तो वाट बघत होता. पिशवी त्यानं जाणूनबुजून ठेवली, तुझ्याकडे बघून ठेवली, आणि पोटावरचं पॅराशूट मुद्दाम नाकारलं.

मला आधी वाटलं, चला, त्याला एवढी तरी लाज आहे. मग लाकडं फोडताना डोकं तापलं. वरून पडून मेला असता तर काय झालं असतं? म्हातारा माणूस, रविवारची मौज, अपघात. बँड वाजवून पुरलं असतं. होबार्टचं नाव कोणी काढलं नसतं. तो ते सत्य दुसऱ्यांदा खिशात घालून निघाला होता. आणि वर मनाशी म्हणाला असता, फिटलं.

तू त्याला ओढून परत आणलंस. तुला कळलं नव्हतं, तरी आणलंस. मी रागावलेली नाही. इतकं बरं मला कितीतरी वर्षांत वाटलेलं नाही.

आता त्याला मरू देऊ नकोस. लक्ष ठेव. मी हे दयेनं सांगत नाही.

ओर्लीना


व्हेंतुरा
१४ जुलै

प्रिय वहिनी,

तुझं पत्र वाचून मी ते तसंच हातात घेऊन क्रलच्या खोलीवर गेलो. दार उघडंच होतं. भांडी धुऊन पालथी घातलेली, कपडे पेटीत भरलेले. बघून मला भीती वाटली. मी सरळ विचारलं, "पिशवी मुद्दाम ठेवली होतीत ना?"

तो म्हणाला, "तुझ्या वहिनीनं ओळखलं वाटतं. तू ओळखलं नसतंस."

मला खरंच राग आला. म्हणालो, "ती म्हणते, तुम्ही दुसऱ्यांदा तेच करायला निघाला होतात."

तो खाटेवर बसला. मग केनी फोर्कला कसं जायचं ते विचारलं. मी सांगितलं. तुमच्याकडे ऑगस्टमध्ये थडग्यांपाशी स्मरणसभा होते ना, असंही त्यानं विचारलं. होबार्ट कधीतरी त्याला बोलला असेल. मी हो म्हणालो. चूक केली असेन तर माफ कर. तो गाडीनं निघालाय. तुला आधी कळावं म्हणून हे पत्र विमानटपालानं पाठवतो.

मला त्याच्या टेबलावर परीक्षेला बसवणार आहेत. त्याची सगळी पॅराशूट्स उघडून झाली. एकाही घडीत खोट निघाली नाही.

वेंडेल


केनी फोर्क
१२ ऑगस्ट

वेंडेल,

आला होता.

स्मरणसभेच्या सकाळी टेकडीच्या पायथ्याशी गाडी लावून चढत आला, दोनदा थांबून. कोणाला ठाऊक नव्हतं कोण आहे ते. बायकांना वाटलं, कुणाचा तरी ओहायोचा काका. ब्रदर कॉडिलांचं प्रवचन संपलं तेव्हा मी उठले आणि म्हणाले, "या पाहुण्यांना काही सांगायचंय." त्याला वाटलं होतं, मला एकटीला गाठून सांगता येईल. माझ्या तोंडाकडे बघितलं आणि टोपी काढली.

सगळं बोलला. नाव, हुद्दा, पिशवी, खिसा, लॉनीकडे बघणं. आवाज बसला तेव्हा मी म्हटलं, "मागच्यांना ऐकू आलं नाही." त्यानं पुन्हा सांगितलं. पोरांनासुद्धा कोणी तिथून हलवलं नाही. ब्रदर कॉडिल खाली बघत होते. मी त्यांना म्हटलं, "आता तुमची पाळी." मग त्यांनी होबार्टच्या थडग्यापाशी जाऊन उतावळा हा शब्द मागे घेतला. म्हातारे बिचारे रडले. रडू देत.

मग झाडाखाली जेवणं मांडली. कोंबडी, मक्याची भाकरी, घेवडा. बायका माझ्याकडे बघत होत्या, याला ताट द्यायचं की नाही म्हणून. मी दिलं नाही. कोणीच दिलं नाही.

शेवटी तो माझ्यापाशी आला. म्हणाला, "मी माफी मागायला आलो नाही."

"बरं झालं," मी म्हटलं, "कारण ती इथं नाही."

"मग मी काय करू, बाई?"

वेंडेल, एवढी वर्षं मी या माणसाच्या मरणाची स्वप्नं बघितली. आणि तो समोर उभा राहून मलाच विचारत होता, म्हणजे त्याचा जीव माझ्याच हातात होता. मी घाई केली नाही. हात पुसले. मग सांगितलं, "दर वर्षी यायचं. ऑगस्टमधला हाच रविवार. दर वर्षी इथं उभं राहून सगळं पहिल्यापासून सांगायचं. दरम्यान नवी पोरं जन्मतात, त्यांना माहीत नसतं. चढवेनासं होईल तेव्हा पोरं उचलून आणतील. आणि तब्येत जपा. तुम्हाला मी लवकर सोडणार नाही."

तो टोपी हातात फिरवत राहिला. म्हणाला, "कॅलिफोर्नियापासून फार लांब पडतं."

मी म्हटलं, "चंद्राएवढं नाही."

ओर्लीना